सज्ञान मुलीला घरच्यांनीच डांबून ठेवलंय. हेबिअस कॉर्पसबद्दल माहिती हवी आहे

पामबीच

माझ्या मावसबहिणीसाठी विचारते आहे. वय २२, कळव्यात आईवडिलांकडे राहते, ऐरोलीत नोकरी करते. कॉलेजपासून तिचं एका मुलाशी जुळलं आहे. मुलगा २० चा, जात वेगळी. घरी कळल्यावर काकांनी, म्हणजे तिच्या वडिलांनी, आधी तिचा फोन काढून घेतला आणि मग आजी आजारी आहे असं सांगून रातोरात साताऱ्याकडच्या गावी नेलं. दोन-तीन दिवसांत तिच्या मेलवरून कंपनीला राजीनामा गेला. तेव्हा फोन तिच्याकडे नव्हता हे मला पक्कं माहीत आहे.

मावशीला फोन केला की "ती बरी आहे, आराम करतेय, तू यात पडू नकोस" एवढंच उत्तर मिळतं. एकदाच तिने शेजारच्या बाईंच्या फोनवरून मला गाठलं. खोलीला बाहेरून कडी लावतात आणि स्थळं बघायला सुरुवात झाली आहे, इतकं सांगेपर्यंत फोन बंद झाला.

मी आणि तो मुलगा पोलीस ठाण्यात जाऊन आलो. तिथे म्हणाले, आईवडिलांकडेच आहे ना, मग हरवली कशी? मुलाला विचारलं, तुझं २१ पूर्ण नाही, लग्न होऊच शकत नाही, मग तू कोणत्या नात्याने आलास?

हेबिअस कॉर्पस करतात एवढं ऐकून आहे. ती कोण करू शकतं? बहिणीने केली तर चालते का? लग्न झालेलं नसताना त्या मुलाला काही अधिकार आहे का? माझ्या सगळ्या सुट्ट्या मावशीकडे गेल्या आहेत, तिच्याविरुद्ध कोर्टात उभं राहायचं म्हणजे काय ते मला कळतंय. पण ती मुलगी खोलीत आहे.

घोडबंदररोड

आधी ११२ ला फोन करून तक्रार नोंदवा, म्हणजे निदान तारीख-वेळेसह नोंद राहते. महिलांसाठी १८१ आहे. पोलीस ठाण्यात तोंडी बोलून परत येऊ नका. लेखी अर्ज द्या आणि दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या.

वकीलफोर्ट

मी मुंबई उच्च न्यायालयात फौजदारी बाजूला काम करते. थोडं सविस्तर लिहिते, कारण पोलीस ठाण्यात तुम्हाला जी दोन उत्तरं मिळाली त्यांतलं एकही कायद्यात टिकत नाही.

हेबिअस कॉर्पसमध्ये, म्हणजे देहोपस्थितीच्या याचिकेत, कोर्ट एकच गोष्ट तपासतं: हा माणूस कुठे आहे आणि तिथे स्वतःच्या इच्छेने आहे का. राज्यघटनेच्या कलम २२६ खाली ती उच्च न्यायालयात करता येते, कलम ३२ खाली थेट सर्वोच्च न्यायालयातही. डांबून ठेवणारं सरकारच असलं पाहिजे असं नाही. वडील, काका, सासरा, आश्रम, कोणाहीविरुद्ध ती चालते. जो डांबलेला आहे त्याला स्वतःला येता येत नाही हे गृहीतच असतं, म्हणून त्याच्या वतीने नातेवाईक, मित्र, जोडीदार यांपैकी कोणीही याचिका करू शकतो. तुम्ही बहीण म्हणून नक्की करू शकता.

आता २१ वर्षांचा मुद्दा. बालविवाह प्रतिबंधक कायद्यात मुलासाठी २१ आणि मुलीसाठी १८ ही लग्नाची वयं आहेत. सज्ञान मात्र दोघंही १८ पूर्ण झाल्यावर होतात. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली नंदकुमार विरुद्ध केरळ राज्य या प्रकरणात नेमकं हेच पाहिलं. तिथेही मुलगा २१ चा नव्हता. केरळ उच्च न्यायालयाने मुलीला वडिलांकडे सोपवलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला आणि दोघं सज्ञान आहेत, लग्नाशिवायही एकत्र राहू शकतात, असं म्हटलं. आपल्याकडेही डिसेंबर २०२४ मध्ये २० वर्षांच्या मुलाने केलेल्या याचिकेवर मुंबई उच्च न्यायालयाने १९ वर्षांच्या मुलीला चेंबूरच्या सरकारी महिला गृहातून मोकळं केलं. त्यात धर्म वेगवेगळे होते आणि मुलीच्या घरच्यांचा कडाडून विरोध होता. तेव्हा "लग्न होऊ शकत नाही" हे तुमच्या प्रकरणात उत्तरच नाही. तुम्ही लग्न लावून द्या म्हणायला गेलाच नव्हतात.

कागद गोळा करायला लागा. तिच्या वयाचा पुरावा सगळ्यात आधी: दहावीचं प्रमाणपत्र, आधार, पॅन, जे मिळेल त्याची प्रत. तिचे जुने मेसेज, त्या शेवटच्या फोनचा कॉल लॉग, राजीनाम्याची मेल, पोलिसांना दिलेल्या अर्जाची पोच. प्रतिवादी म्हणून राज्य सरकार, पोलीस ठाण्याचे वरिष्ठ निरीक्षक आणि आईवडील येतील. गाव साताऱ्याकडचं असलं तरी मुलीला ठाणे जिल्ह्यातून नेलंय आणि तक्रारही इथलीच आहे, म्हणून मुंबईत दाखल करा. ऑगस्ट २०२५ पासून सातारा जिल्ह्याची प्रकरणं मुंबई उच्च न्यायालयाच्याच कोल्हापूर सर्किट बेंचकडे जातात. त्या घोळात वेळ घालवू नका. याचिका दाखल झाली की प्रेसिपे, म्हणजे लेखी विनंती, देऊन तातडीने सर्क्युलेशन (लवकर सुनावणी) मागता येतं आणि हेबिअस असेल तर ते सहसा लवकर मिळतं.

उच्च न्यायालय परवडणार नसेल तर आणखी एक वाट आहे, जी लोक विसरतात. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०० खाली प्रथमवर्ग दंडाधिकारी किंवा प्रांताधिकारी अशा व्यक्तीच्या शोधासाठी वॉरंट काढू शकतात. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हे कलम ९७ होतं. आणि डांबून ठेवणं हा मुळात गुन्हा आहे. भारतीय न्याय संहितेचं कलम १२७ पाहा. तीन किंवा अधिक दिवस डांबलं तर तीन वर्षांपर्यंत, दहा किंवा अधिक दिवस असेल तर पाच वर्षांपर्यंत शिक्षा आहे. आईवडिलांना यातून सूट दिलेली नाही.

नौपाडेकर

मी दुसऱ्या बाजूने लिहितो, राग मानू नये. माझी मुलगी दोन वर्षांपूर्वी घर सोडून गेली. मीच हेबिअस केली होती. मला खरोखर वाटत होतं की तिला कोणीतरी भुलवून ठेवलंय. सुनावणीच्या दिवशी न्यायमूर्तींनी तिला चेंबरमध्ये बोलावलं. मी आणि तिची आई बाहेर बाकावर. आत काय बोलणं झालं ते आम्हाला कळलं नाही. मग आदेश आला की मुलगी सज्ञान आहे, स्वतःच्या इच्छेने गेली आहे, याचिका निकाली.

मला आजही तो मुलगा तिच्या योग्यतेचा वाटत नाही. माझं मत मी बदललेलं नाही. पण इथे सगळे आईबाप म्हणजे जल्लाद असं चित्र उभं राहू नये म्हणून लिहितो. आम्हाला भीती असते. फसवणूक होते, व्यसनी मुलं असतात, पैशासाठी गोड बोलणारे असतात. आईबापांनी ती भीती घेऊन जायचं कुठे? कायदा म्हणतो, तिला विचारा. अठराव्या वर्षी तिला जे कळतं तेवढंच खरं आणि आमचं सगळं आयुष्य खोटं?

वकीलफोर्ट

काका, तुमची भीती खोटी नाही. पण भीती खरी असली तरी तिच्यावरचा उपाय कडी नाही. मुलगी अल्पवयीन असेल, तिच्यावर जबरदस्ती होत असेल, फसवून पैसे उकळले असतील, तर प्रत्येकासाठी वेगळा गुन्हा आहे आणि तक्रार करायला तुम्ही मोकळे आहात. मात्र सज्ञान माणसाची निवड चुकीची आहे म्हणून त्याच्यावर पालक नेमायचा अधिकार उच्च न्यायालयालाही नाही. सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०१८ मध्ये सोनी गेरी प्रकरणात तेच सांगितलं. तिथे आई मुलीचा ताबा मागत होती आणि मुलगी सज्ञान होती.

हादियाचं प्रकरण तर तुम्हाला आठवत असेल. केरळ उच्च न्यायालयाने मे २०१७ मध्ये वडिलांच्या हेबिअस याचिकेतच तिचं लग्न रद्द ठरवलं आणि तिला वडिलांच्या घरी पाठवलं. ती तेव्हा चोविशीत होती, वैद्यकीय शिक्षण घेतलेली. नोव्हेंबरमध्ये ती सर्वोच्च न्यायालयासमोर उभी राहिली, मला स्वातंत्र्य हवंय म्हणाली, आणि ८ मार्च २०१८ ला ते लग्न पुन्हा वैध ठरलं. हेबिअसमध्ये लग्न रद्द करण्याचा अधिकार उच्च न्यायालयाला नव्हता, असं न्यायालयाने स्पष्ट केलं. मधले ते महिने तिने घरात कोंडून काढले, याचं मला फार वाईट वाटतं. जो उपाय माणसाला सोडवण्यासाठी आहे तोच उलटा वापरला गेला.

चरईकर

हेबिअस म्हटलं की माझ्या पिढीला १९७६ आठवतं. आणीबाणीत नऊ उच्च न्यायालयांनी बंदिवानांच्या याचिका ऐकून घ्यायची तयारी दाखवली होती. सर्वोच्च न्यायालयाने २८ एप्रिल १९७६ ला चार विरुद्ध एक मतांनी तो दरवाजा बंद केला. विरोधात एकटे न्या. खन्ना. तो निकाल अधिकृतपणे पुसायला २०१७ चा खासगीपणाचा निकाल यावा लागला. माणूस कुठे आहे हे विचारण्याचा हक्क गेला की काय होतं ते आम्ही पाहिलं आहे. म्हणून एका घरातल्या खोलीसाठी तोच हक्क मागितला जातो तेव्हा मला तो लहान वाटत नाही.

माजीखाकी

तीस वर्षं पोलीस दलात होतो, त्यातली बरीच ठाणे जिल्ह्यात. आत काय चालतं ते सांगतो. मुलगी घरातून निघून गेली की पालक मिसिंग दाखल करतात. आम्ही लोकेशन काढतो, दोघांना ठाण्यात आणतो. कायद्याप्रमाणे मुलगी सज्ञान असेल तर तिचा जबाब घ्यायचा, ती म्हणेल तिथे जाऊ द्यायचं, विषय संपला. पण बाहेर भावकी जमलेली असते, एखाद्या पुढाऱ्याचा फोन येतो, आणि साहेब म्हणतात "समजावून घरी पाठवा". बावीस वर्षांच्या मुलीला पालकांच्या हवाली करायचा अधिकार कोणत्याही अधिकाऱ्याला नाही. तरी ते होतं, आणि मी स्वतः नोकरीत असतानाही त्याविरुद्ध भांडलो आहे.

पामबीच, तुमच्या बाबतीत पोलीस बहुतेक गावच्या ठाण्याला फोन करतील. तिथला बीट अंमलदार घरी जाईल, ओसरीवर चहा घेईल, मुलगी बापाशेजारी उभी राहून "मी माझ्या मर्जीने आहे" म्हणेल, आणि अहवाल लिहिला जाईल. हे होऊ देऊ नका. अर्जातच मागणी लिहा की महिला अधिकाऱ्याने घरच्यांना दूर ठेवून जबाब घ्यावा. तोही शक्यतो पोलीस ठाण्यात नको, दंडाधिकाऱ्यांसमोर. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१८ च्या शक्ती वाहिनी निकालानंतर प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष आणि जोडप्यांसाठी सुरक्षित निवारा असायला हवा. राज्याच्या गृह विभागाचं परिपत्रकही आहे. आयुक्तालयात त्या कक्षाबद्दल लेखी विचारा. लेखी विचारलं की फाइल हलते.

पामबीच

माजीखाकी, तुम्ही लिहिलंत तसंच झालं. काल व्हिडिओ कॉल लावला होता. ती मागे भिंतीकडे बघत "मी बरी आहे" म्हणाली. फोन कोणाच्या हातात होता ते दिसत होतं. इथल्या हवालदारांनी मला सांगितलं, बघा, मॅटर क्लोज. आता कोर्टातही ती घाबरून हेच म्हणाली तर?

सानपाडासखी

याचं उत्तर मी देते, कारण मी त्या खोलीत राहिले आहे. माझं प्रेम एका मुलीवर होतं. घरच्यांनी मला आजोळी नेलं, एका डॉक्टरकडे नेलं, "हे बरं होतं" असं सांगणाऱ्या. (असे उपचार हा वैद्यकीय गैरवर्तणुकीचा प्रकार आहे असं राष्ट्रीय वैद्यक आयोगाने २०२२ मध्येच सांगितलंय, हे मला फार नंतर कळलं.) माझ्या मैत्रिणीने याचिका केली.

खोलीत असताना तुम्ही रोज हिशेब करता. मी खरं बोलले आणि तरी मला परत इथेच पाठवलं, तर उद्या काय होईल? बाहेर पडून रात्री झोपायचं कुठे? आईला काही झालं तर? म्हणून मुली "मी मर्जीने आहे" म्हणतात. ते खोटं नसतं, त्या दिवशी तग धरण्यापुरतं ते खरं असतं. मला बोलता आलं कारण न्यायमूर्तींनी बसायला सांगितलं, पाणी दिलं, घाई केली नाही, आणि आधी विचारलं की इथून गेल्यावर तुझ्याकडे राहायला जागा आहे का. जागा आहे हे मला कोर्टाच्या कॉरिडॉरमध्ये मैत्रिणीने खुणेने सांगितलं होतं. पामबीच, तुमच्या बहिणीला काहीही करून हा निरोप पोचवा की जागा आहे.

सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२४ मध्ये देवू नायर प्रकरणात उच्च न्यायालयांना सूचना दिल्यात. वकीलताई, त्या सांगाल का? मला भावनेपलीकडे नीट लिहिता येणार नाही.

वकीलफोर्ट

सखी, नीटच लिहिलंयस.

देवू नायरमधल्या कामाच्या गोष्टी सांगते. अशा याचिका प्राधान्याने सुनावणीला घ्यायच्या. याचिका करणारा जोडीदार किंवा मित्र असेल तर नात्याचं नेमकं स्वरूप काय याची खोदून चौकशी करायची नाही. म्हणजे "तू कोणत्या नात्याने आलास" हा प्रश्नच बाद. त्या व्यक्तीशी न्यायाधीशांनी चेंबरमध्ये बोलायचं आणि तिला डांबल्याचा ज्यांच्यावर आरोप आहे ते तिच्या आसपासही नसतील हे पाहायचं. समुपदेशनाच्या नावाखाली तिचं मन वळवायचं नाही. घरी जायचं नाही म्हणाली तर तिथल्या तिथे मोकळं करायचं. समलिंगी, आंतरजातीय किंवा आंतरधर्मीय जोडप्याने संरक्षण मागितलं तर धोका सिद्ध होण्याची वाट न बघता अंतरिम संरक्षण द्यायचं.

यातली समुपदेशनाची सूचना मला सगळ्यात महत्त्वाची वाटते. "चार दिवस आईवडिलांकडे राहून विचार कर" असे आदेश मी ऐकले आहेत. त्या चार दिवसांत काय होतं ते वर सखीने सांगितलंय.

एक गोष्ट लपवणार नाही. खुद्द देवू नायर प्रकरणात त्या मुलीने आईवडिलांकडे राहायचंय असं सांगितलं आणि याचिका तिथेच संपली. सूचना पुढच्यांच्या कामी आल्या. म्हणून पामबीच, तिने नाही म्हटलं तर कोर्ट जबरदस्तीने बाहेर काढणार नाही, हे मनाशी धरून या. आणि याचिकेत ती त्या मुलाच्या ताब्यात द्यावी असं चुकूनही मागू नका. तिला मोकळं करा, एवढंच मागा. ती कुठे जाईल ते ती ठरवेल.

खर्चाचं: विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ खाली स्त्रीला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. उच्च न्यायालयात स्वतंत्र विधी सेवा समिती आहे. नालसाचा, म्हणजे राष्ट्रीय विधी सेवा प्राधिकरणाचा, क्रमांक १५१००.

नौपाडेकर

पामबीचताई, मला एक विचारायचं आहे. तुमची मावशी यात कुठे आहे? वडिलांनी नेलं, वडिलांनी फोन घेतला. आईला काय वाटतं ते कोणी विचारलंय का? आमच्या घरी मी कोर्टात गेलो तेव्हा हिला विचारलं नव्हतं. सगळे बापालाच विचारतात, म्हणून म्हटलं.

पामबीच

काका, मावशीला विचारलं. म्हणाली, "मला काय विचारतेस, कडीची चावी यांच्याकडे असते." तरी पुढच्या वेळी तिने फोन ठेवला नाही. मी बोलत राहिले आणि ती ऐकत राहिली. माझ्याकडे जागा आहे हा निरोप तिच्याकडूनच पोचला असं मला वाटतं.

पामबीच

उशिरा लिहितेय, पण सगळ्यांना सांगायला हवं. याचिका माझ्या नावाने केली. वकील विधी सेवा समितीकडून मिळाले. नोटीस निघाल्यावर पोलीस तिला गावाहून घेऊन आले. काका-मावशी, तिचे दोन चुलते, गावचे आणखी चार जण फोर्टला आले होते. न्यायमूर्तींनी त्या सगळ्यांना कोर्टरूमबाहेर थांबायला सांगितलं आणि तिला आत नेलं.

ती त्या मुलाकडे गेली नाही. माझ्याकडेही राहणार नाही म्हणाली. तिने आत सांगितलं की मला नोकरी परत हवी आहे, महिला वसतिगृहात राहायचं आहे, आणि लग्नाचं मला कोणीच इतक्यात विचारू नये. मुलगा जरा गप्प झाला, पण त्याने मान हलवली. आदेशात तेवढंच आहे: सज्ञान आहे, इच्छा असेल तिथे राहू शकते, घरच्यांनी अडथळा आणू नये, पोलिसांनी तिला वसतिगृहापर्यंत सोडावं. आता ती नवी मुंबईत एका वसतिगृहात आहे. कंपनीने राजीनामा मागे घेऊ दिला. मेल कुठून गेली ते त्यांनाही समजलं होतं.

काकांनी माझ्याशी नातं तोडलंय. मावशी दर रविवारी तिला फोन करते.

आता एक अडचण. तिची सगळी मूळ कागदपत्रं, डिग्री, पासबुक, एटीएम कार्ड, काकांच्या कपाटात आहेत. मागितली तर देत नाहीत. परत हेबिअस करता येत नाही ना यासाठी?

वकीलफोर्ट

नाही, कागदांसाठी हेबिअस नाही. पण कौटुंबिक हिंसाचार कायदा फक्त सुनांसाठी आहे हा गैरसमज आहे. एकाच घरात राहिलेली मुलगीही त्याखाली वडिलांविरुद्ध दाद मागू शकते आणि तिच्या वस्तू व कागदपत्रं परत करण्याचा आदेश दंडाधिकारी देऊ शकतात. तिची इच्छा असेल तरच ते करा. आधी साधे मार्ग वापरा: बँकेत स्वतः जाऊन जुनं कार्ड बंद करून नवं घेणं, मोबाइल क्रमांक आणि पत्ता बदलणं, आधार पुन्हा छापून मागवणं, मुंबई विद्यापीठाकडून पदवी प्रमाणपत्राची दुय्यम प्रत घेणं. बँकेचं उद्याच करा. पगार त्याच खात्यात येत असेल आणि ओटीपी जुन्या फोनवर जात असेल.

माजीखाकी

आणि कोर्टाच्या आदेशाची प्रत वसतिगृह ज्या पोलीस ठाण्याच्या हद्दीत आहे तिथे देऊन पोच घ्या. उद्या कोणी गेटवर आलं तर तिथल्या ड्युटी ऑफिसरला पहिल्यापासून गोष्ट सांगायला लागू नये.

पामबीच

बँकेत आज जाऊन आलो. कार्ड बंद केलं, नंबर बदलला. पोलीस ठाण्यात उद्या जातो आहोत.